अनुनादावर चालणारी जादू दर वेळी सर्वशक्तिमान का होते, आणि ती कशी दुरुस्त करायची

लक्षणं

काल्पनिक जग रचताना अनुनादाचा सिद्धांत फार लवकर हाताशी येतो. प्रत्येक वस्तूची एक नैसर्गिक वारंवारता असते, तोच सूर लावला की वस्तू प्रतिसाद देते. पहिल्या काही प्रकरणांत हे छान चालतं. कुलूप उघडतं, दिवा पेटतो, पेला फुटतो. मग मध्यावर कुणीतरी गाऊन तटबंदी पाडतं, आणि तिथून पुढे कथेत एकही अडचण टिकत नाही. शत्रूच्या हाडांचा सूर शोधायचा, लावायचा, युद्ध संपलं.

ही गळचेपी जाणवली की लेखक वरून बंधनं घालतो. हा सूर निषिद्ध आहे, तो फक्त एकाच घराण्याला ऐकू येतो, तो लावला की नाकातून रक्त येतं. अशी ठिगळं पुढच्या भागात उसवतात, कारण ती सिद्धांतातून आलेली नसतात. वाचक विचारतो, ‘मग मागच्या वेळी रक्त का नाही आलं?’ याला उत्तर नसतं.

मूळ कारण: गळती शून्य धरली आहे

कंप पावणारी प्रत्येक वस्तू ऊर्जा गमावत असते. हवेत आवाज जातो, आधारातून कंप झिरपतो, आतल्या घर्षणाने उष्णता होते. गळती अजिबात नसलेल्या वस्तूला तिच्याच वारंवारतेने ढकलत राहिलं, तर कंपनाचा आयाम, म्हणजे झोक्याचा विस्तार, अमर्याद वाढतो, असं गणितच सांगतं. म्हणजे तुमची जादू सर्वशक्तिमान झाली, ती गळती शून्य धरलेल्या सिद्धांताचं अचूक उत्तर म्हणून. बंधनं नंतर जोडण्याऐवजी गळती आधीच मोजून घेतली, की बहुतेक बंधनं आपोआप येतात आणि ती एकमेकांशी जुळतातही.

गळती मोजायला एकच आकडा पुरतो: गुणवत्तांक, ज्याला सगळे क्यू म्हणतात. साठलेली ऊर्जा भागिले एका आवर्तनात गळणारी ऊर्जा, गुणिले दोन पाय (२π). कथेच्या कामाला त्याचा सोपा अर्थ असा: वस्तूला एकदा ठोका, आणि क्यू जितका तितकी आवर्तनं झाली की आयाम मूळच्या सुमारे ४ टक्क्यांवर येतो. ट्यूनिंग फोर्कचा, म्हणजे सूर देणाऱ्या दुशाखी काट्याचा, क्यू हजाराच्या घरात असतो. घड्याळातल्या ३२,७६८ हर्ट्झच्या क्वार्ट्झ स्फटिकाचा क्यू काही दहा हजारांत जातो. इमारतींत ५ टक्के अवमंदन (कंप मंदावणारी गळती) धरलं, तर क्यू फक्त १० येतो.

तीन आकड्यांची दुरुस्ती

एक उदाहरण घेऊ आणि शेवटपर्यंत तेच वापरू. समजा, तुमच्या जगात नादशिला नावाचा दगड आहे आणि सगळी जादू त्याच्या पट्ट्यांवर चालते. एका पट्टीची वारंवारता २२० हर्ट्झ, क्यू २,०००. एवढ्यावरून तीन गोष्टी ठरतात.

पहिली, लाभ. त्याच जोराने पट्टी नुसती दाबली असती तर जेवढी वाकली असती, त्याच्या २,००० पट ती अचूक सुरावर हलते.

दुसरी, पट्टा. सूर किती चुकला तर चालतो ते म्हणजे वारंवारता भागिले क्यू: ०.११ हर्ट्झ. म्हणजे एकूण रुंदी ०.११, दोन्ही बाजूंना ०.०५५. या कडेवर प्रतिसाद कमालीच्या ७१ टक्के राहतो, पुढे झपाट्याने घसरतो.

तिसरी, वेळ. प्रतिसाद भरायला लागणारा वेळ साधारण क्यू इतकी आवर्तनं: २,००० भागिले २२०, म्हणजे ९ सेकंद. नऊ सेकंदांनी आयाम अंतिम मूल्याच्या ९६ टक्क्यांवर पोचतो. सूर थांबवल्यावर विरायलाही तेवढेच नऊ सेकंद.

आता गायकाकडे बघा. गळ्याचा सूर १ टक्क्याने सरकला, तर २.२ हर्ट्झ सरकला, पट्ट्याच्या २० पट. तेव्हा लाभ २,००० वरून थेट ५० वर येतो. म्हणजे उघड्या गळ्याने ही शिला जागवता येणार नाही. त्यासाठी स्थिर सूर देणारं साधन हवं: काटा, ताणलेली तार, दुसरी शिला. आता तुमच्या जगाला एक कारागिरी मिळाली, सूर स्थिर धरणारी साधनं घडवणारी. तिची दुकानं, तिची गुपितं, तिच्यावरची जकात, सगळं या एका आकड्यातून निघतं.

उलट क्यू ५० ठेवला तर पट्टा ४.४ हर्ट्झ, भरण्याचा वेळ पाव सेकंदाहून कमी, आणि गळ्यालाही तो सापडतो. पण लाभ फक्त ५० पट. लाभ आणि पट्टा यांचा गुणाकार नेहमी त्या वस्तूच्या वारंवारतेएवढाच राहतो. सहज सापडतं ते दुबळं, जोरदार असतं ते अवघड आणि संथ. तुमच्या जगातल्या विद्वानांनी शोधलेला मुख्य नियम म्हणून हाच ठेवावा, असं मनापासून वाटतं. तो खरा आहे, मोजता येतो, आणि प्रत्येक लढाईत त्याची किंमत मोजावी लागते: नऊ सेकंद एका जागी स्थिर उभं राहायचं, समोरून बाण येत असताना.

ऊर्जा कुठून आली ते लिहा

सर्वांत जास्त चुका इथे होतात. अनुनाद ऊर्जा निर्माण करत नाही, आलेली ऊर्जा साठवतो. आणि आवाजात ऊर्जा विलक्षण कमी असते. साध्या बोलण्याची ध्वनिशक्ती वॅटच्या लाखाव्या भागाच्या आसपास असते. एक टनाचा दगड एक मीटर उचलायला ९,८०० जूल लागतात. बोलण्याचा सगळा आवाज, थेंबही न सांडता, दगडात गेला तरी एवढी ऊर्जा जमायला सुमारे ३१ वर्षं लागतील. आवाज हजारपट जोरदार केला तरी ११ दिवस.

यात गळती अजून धरलेलीच नाही. गळती धरली की साठ्याला छत येतं: येणारी शक्ती गुणिले क्यू, भागिले दोन पाय गुणिले वारंवारता. आपल्या २२० हर्ट्झच्या शिलेत साध्या आवाजाने जास्तीत जास्त जमू शकते ती ऊर्जा म्हणजे एक ग्रॅम वजन दीड मिलिमीटर उचलण्याइतकी. वर्षभर गायलं तरी तेवढीच. हे सूत्र तुमच्या वहीच्या पहिल्या पानावर असू द्या.

यातून बाहेर पडायचे दोन रस्ते आहेत आणि दोन्ही कथेला चांगले.

एक रस्ता शरीराच्या बळाचा. निरोगी माणूस दीर्घकाळ साधारण ७५ वॅट यांत्रिक काम देऊ शकतो. गळ्याऐवजी पायांनी भाता चालवून शिला जागवली, तर तीच २२० हर्ट्झची पट्टी १०८ जूलपर्यंत भरते. ११ किलो एक मीटर उचलता येईल. सूत्रात वारंवारता खाली आहे, तेव्हा ती कमी केली की साठा वाढतो. ०.१ हर्ट्झ, म्हणजे दहा सेकंदांचं एक आवर्तन घ्या. लंबकाला त्यासाठी जवळपास २५ मीटर लांबी लागते. तिथे ७५ वॅट आणि क्यू अवघा ८२ असला तरी ते ९,८०० जूल जमतात, दहा मिनिटांत जवळजवळ पूर्ण. म्हणून मोठी कामं करणारी जादू तुमच्या जगात ऐकूच येऊ नये. ती हळू, अवजड आणि लांबून दिसणारी असावी: उंच मनोऱ्यात झुलणारा ओंडका, खोल विहिरीत डुलणारं पाणी. उच्च स्वर नाजूक कामांना ठेवा.

दुसरा रस्ता चापाचा. ऊर्जा आधीच कुठेतरी अडकलेली आहे, सूर फक्त खटका ओढतो. ताणलेलं धनुष्य, उतारावर थांबलेला बर्फ, बंधाऱ्यामागचं पाणी. नादशिलेने डोंगराचा दाब शतकानुशतकं आत साठवला आहे आणि योग्य सुराने तो सुटतो, असं ठेवलं तर मोठा स्फोट न्याय्य ठरतो. मात्र मग ती शिला एकदाच वापरता येईल. खाण संपते, तिच्यावरून भांडणं होतात. या रस्त्यावर एकच खबरदारी: सुटलेल्या शिलेला पुन्हा भारित करायची सोपी युक्ती चौथ्या भागात काढू नका.

पुलांची उदाहरणं जपून वापरा

सिद्धांताला वजन देण्यासाठी लेखक हमखास अमेरिकेतल्या टॅकोमा नॅरोज पुलाचा आधार घेतात. तो पूल १ जुलै १९४० रोजी खुला झाला आणि ७ नोव्हेंबर १९४० रोजी ताशी सुमारे ६४ किलोमीटरच्या वाऱ्यात कोसळला. पण तो वारा पुलाच्या तालावर झोके देत नव्हता. पुलाचं पिळवटणंच वाऱ्याकडून प्रत्येक आवर्तनात थोडी ऊर्जा ओढून घेत होतं, आणि ती गळतीपेक्षा जास्त होती. याला स्वयंउत्तेजित कंपन म्हणतात, साध्या अनुनादात ते बसत नाही. हा फरक समजला की जादूचा एक वेगळाच प्रकार हाती येतो, ज्याला सूर जुळवावाच लागत नाही. फक्त गळती ऋण करावी लागते, म्हणजे आत येणारी ऊर्जा बाहेर जाणारीपेक्षा जास्त ठेवावी लागते. बासरी आणि सारंगी याच तत्त्वावर वाजतात. अशी जादू सुरू करायला सोपी आणि थांबवायला अवघड असते, म्हणून अपघात लिहायचे तर ते इथे लिहा.

सैन्याच्या पावलांचं उदाहरण खरं आहे. १२ एप्रिल १८३१ रोजी इंग्लंडमधल्या ब्रॉटन इथल्या झुलत्या पुलावर ७४ सैनिक तालात चालले आणि पूल पडला. पण तुटलेला खिळा आधीपासून सदोष होता. या तपशिलाला फार किंमत आहे. अनुनाद बहुतेक वेळा निरोगी वस्तू मोडत नाही, आधीच भेगाळलेली मोडतो. पेला फोडण्यासाठीही काचेत कुठेतरी सूक्ष्म ओरखडा लागतो. तुमच्या नायिकेला तटबंदी पाडायची असेल तर सूर शोधण्याआधी तिला भेग शोधावी लागेल.

आणि तटबंदीबद्दल स्पष्टच: दगडमातीची भिंत जमिनीला चिकटलेली असते, तिचा कंप जमिनीत झिरपतो. क्यू १० च्या आसपास धरा. लाभ दहा पट, बस. भिंत गाऊन पाडण्याचा प्रसंग सिद्धांत मोडल्याशिवाय लिहिता येत नाही. घंटा, तारा, झुंबर, लांब पूल, उंच बारीक मनोरे हे बळी म्हणून घ्या.

‘प्रत्येक माणसाचा एक सूर’ का फसतो

मानवी शरीर मऊ आहे आणि भरपूर गळतं. बसलेल्या माणसाचा उभा अनुनाद सुमारे ५ हर्ट्झवर सापडतो, तोही पसरट. एवढ्या पसरट शिखरांतून एकेक माणूस वेगळा ओळखता येत नाही. किती ओळखता येतील ते मोजता येतं: क्यू गुणिले वरच्या आणि खालच्या वारंवारतेच्या गुणोत्तराचा नैसर्गिक लॉगरिदम. २० ते २०,००० हर्ट्झ या पल्ल्यात तो लॉगरिदम ६.९ येतो. क्यू ५ धरला तर सगळ्या जगात फक्त ३५ वेगवेगळे सूर. तुमच्या राजधानीत लाखभर माणसं आहेत. म्हणजे शत्रूला लावलेला सूर त्याच्यासकट हजारोंना लागेल, त्यात मारेकरीही आला.

दुरुस्ती सोपी आहे. एक सूर न ठेवता स्वरसमूह ठेवा. ३५ पैकी ३ सूर निवडले तर ६,५४५ समूह होतात, ४ निवडले तर ५२,३६०, आणि ५ निवडले तर ३,२४,६३२. लाखाच्या शहराला पाच सुरांची ओळख पुरते. आता माणसाचं नाव म्हणजे पाच सुरांचा समूह, आणि कुणाला गाठायचं तर पाच साधनं एकाच वेळी, योग्य प्रमाणात वाजवावी लागतात. पाच माणसं लागतात, त्यांच्यात विश्वास लागतो, आणि त्यातला एक फुटू शकतो.

वस्तूंनाही एकच वारंवारता नसते. दोन्ही टोकं मोकळी असलेल्या सरळ पट्टीचे पहिले तीन सूर १ : २.७६ : ५.४० या प्रमाणात असतात, म्हणून आपली शिला २२०, ६०६ आणि सुमारे १,१८९ हर्ट्झवर बोलेल. तिचे मूळ सुरातले स्थिर बिंदू प्रत्येक टोकापासून लांबीच्या २२.४ टक्क्यांवर असतात. एक मीटरची पट्टी टोकांपासून २२.४ सेंटिमीटरवर टांगली तर ती नऊ सेकंद वाजते. मधोमध बोट ठेवलं तर लगेच मिटते. शिला निकामी करायला हातोडा लागत नाही, एक बोट पुरतं, आणि ते कुठे ठेवायचं हे माहीत असणं म्हणजेच विद्या. जाडी तीच ठेवून लांबी दुप्पट केली तर वारंवारता चौथाई होते, ५५ हर्ट्झ. कारागिराच्या संवादात असे आकडे आले की जग खरं वाटू लागतं.

तारा आणि तबला यांचा मोह असेल तर हे लक्षात घ्या: ताणलेल्या तारेचे वरचे सूर पूर्णपटीत असतात, म्हणून सतारीच्या तरफा (खालच्या साथीच्या तारा) न छेडता बोलतात. साध्या चामड्याच्या पडद्याचे पूर्णपटीत नसतात. तबल्यावरच्या शाईमुळे ते जवळजवळ पूर्णपटीत येतात, आणि याचा अभ्यास सी. व्ही. रामन यांनी केला होता. नादशिलेवर काळा लेप चढवून तिचे सूर जुळवणारी विद्या हवी असेल, तर तिला भक्कम आधार आहे.

सकाळी लागलेला सूर दुपारी लागत नाही

ही उणीव समजू नका, ठेवाच. पोलादी काट्याची वारंवारता दर अंश सेल्सियसला साधारण दहा हजारांत एका भागाने उतरते. नादशिलाही तशीच धरली तर पाच अंशांच्या फरकाने २२० हर्ट्झचा सूर ०.११ हर्ट्झ सरकतो, पूर्ण पट्ट्याएवढा. प्रतिसाद ४५ टक्क्यांवर येतो. हवेच्या नळीचं याहून वाईट. हवेत ध्वनीचा वेग २० अंशांना सेकंदाला सुमारे ३४३ मीटर असतो आणि दर अंशाला सुमारे ०.६ मीटरने वाढतो. पहाटे लावलेली बासरी दुपारी १५ अंश जास्त तापली, तर सूर सुमारे २.६ टक्क्यांनी चढतो. २२० वर ते ५.८ हर्ट्झ होतात, शिलेच्या पट्ट्याच्या पन्नासपटींहून जास्त. म्हणजे शिला उतरते आणि बासरी चढते, दोघी एकमेकींपासून दूर जातात. वेढा पहाटेच का घालतात, शिला तळघरात का ठेवतात, याची उत्तरं इथून मिळतात. खऱ्या जगातही अत्यंत अचूक क्वार्ट्झ आंदोलक ठरावीक तापमानाच्या पेटीतच ठेवतात.

आयाम वाढला की सूर सरकतो

जादूने हात सोडून धावू नये म्हणून निसर्गाचा एक ब्रेक आहे. लंबक लहान झोक्यात आपला ताल राखतो. १० अंशांच्या झोक्याला आवर्तनकाळ फक्त ०.२ टक्क्याने लांबतो. ९० अंशांच्या झोक्याला तो १८ टक्क्यांनी लांबतो. म्हणजे जोर वाढवाल तसा मूळ सूर निरुपयोगी होतो आणि ढकलणं चुकीच्या क्षणी पडू लागतं. नवशिक्या हरतो तो इथे: तो पहिला सूरच जोराने रेटत बसतो. कसलेला साधक आयाम वाढेल तसा सूर खाली ओढत नेतो. गुरू आणि शिष्य यांच्यातला फरक ‘अंतःप्रेरणा’ म्हणून सोडण्यापेक्षा असा दाखवा.

कवच

कवच म्हणजे काय, हे बहुतेक सिद्धांतांत सांगितलेलंच नसतं, आणि मग शत्रूचं कवच कथेच्या सोयीने टिकतं किंवा फुटतं. खरी तोड अशी आहे: वाचवायच्या वस्तूला त्याच वारंवारतेचा छोटा जोड-आंदोलक लावा. तो विरुद्ध कलेत, म्हणजे नेमका उलट दिशेने, हलतो आणि मूळ वस्तू शांत ठेवतो. तैपेई १०१ या इमारतीत याच कामासाठी ६६० टनांचा गोळा टांगलेला आहे. लंडनचा मिलेनियम पूल जून २००० मध्ये उघडताच लोकांच्या चालण्याने आडवा डुलू लागला आणि दोन दिवसांत बंद झाला. नंतर त्याला ३७ चिकट द्रवाचे शोषक आणि ५२ जोड-आंदोलक बसवून तो २००२ मध्ये पुन्हा खुला केला.

पण जोड-आंदोलकाची किंमत असते. स्वतःची गळती नसलेला आंदोलक मूळ शिखर मिटवतो आणि दोन नवी उभी करतो, एक खाली, एक वर. मूळ वस्तूच्या ५ टक्के वजनाचं कवच १०० हर्ट्झला बसवलं, तर नवी शिखरं ८९ आणि ११२ हर्ट्झवर येतात. म्हणजे कवच ओळखणारा शत्रू जुना सूर सोडून थेट ८९ लावेल. कवचाचं वजन कळलं की दोन्ही सूर मोजता येतात, म्हणून कवच किती जड आहे हेच सर्वांत मोठं गुपित ठेवा. दोन्ही शिखरं बसकी करायची तर कवचालाच मुद्दाम गळती द्यावी लागते, आणि मग ते वापरताना तापतं.

सूर शोधायला लागणारा वेळ

‘तिने डोळे मिटले आणि त्याचा सूर ऐकला’ हे वाक्य सापडलं की थांबा. दुरून, न ठोकता, अनोळखी शिलेचा सूर चाळून शोधायचा तर प्रत्येक जागी प्रतिसाद भरेपर्यंत थांबावं लागतं. १०० ते ४०० हर्ट्झ एवढाच पल्ला क्यू २,००० च्या शिलेसाठी चाळायला ३०,००० सेकंद लागतात, आठ तास वीस मिनिटं. क्यू दहापट कमी असेल तर वेळ शंभरपट कमी, पाच मिनिटं. हेरगिरीच्या प्रकरणांची लांबी यावरून ठरवा.

पळवाट आहे, आणि वाचक ती काढतीलच, म्हणून तुम्हीच आधी लिहा: शिलेला ठोका दिला की ती आपले सगळे सूर एकदम सांगते. म्हणून ज्याच्याजवळ शिला आहे तो ती कापडात गुंडाळतो, तिला कुणाला हात लावू देत नाही, आणि पडून आवाज झाला तर भीतीने पांढरा पडतो.

त्या जगात घड्याळ नसेल तर हर्ट्झ कुणालाच माहीत नसतील. विद्वान गुणोत्तरांत बोलतील: एका तारेची लांबी दुसरीच्या किती. निरपेक्ष आकडा काढायला दातेरी चाक पुरतं. ६० दाते, सेकंदाला ४ फेरे, दातांवर पातळ पट्टी धरली की २४० हर्ट्झ. सेकंद मोजायला एक मीटरचा लंबक, त्याचा एका बाजूचा झोका जवळपास एक सेकंद. तुमच्या जगाचं गुरुत्व निम्मं असेल तर तोच झोका सुमारे १.४ सेकंदांचा होईल. हे विसरू नका. दोन सूर जुळले की नाही ते ठोक्यांवरून कळतं: २२० आणि २२२ एकत्र वाजले तर सेकंदाला दोन वेळा आवाज फुगतो आणि ओसरतो. ०.११ हर्ट्झचा फरक ऐकायला एक ठोका पुरा व्हावा लागतो, पुन्हा तेच नऊ सेकंद. प्लेटवर वाळू टाकून कंपनाच्या रेषा दाखवण्याची युक्ती जर्मन शास्त्रज्ञ क्लाड्नी यांनी १७८७ साली छापली. त्या रेषांना लिपी मानणारा एखादा पंथ तुमच्या जगात सहज उभा राहील.

भूगोलाकडेही बघा. कॅनडातल्या फंडीच्या उपसागराचा स्वतःचा ताल सुमारे १३ तासांचा, भरतीचा १२.४ तासांचा. दोन्ही जवळ आल्यामुळे तिथे भरती-ओहोटीतला फरक १६ मीटरपर्यंत जातो. १९ सप्टेंबर १९८५ च्या भूकंपात केंद्रापासून साडेतीनशेहून जास्त किलोमीटर दूर असलेल्या मेक्सिको सिटीत जुन्या तळ्याच्या गाळाने सुमारे दोन सेकंदांचा ताल धरला आणि मुख्यतः ६ ते १५ मजल्यांच्या इमारती पडल्या, ठेंगण्या आणि खूप उंच बऱ्याच वाचल्या. शहर कुठल्या मातीवर वसलं आहे हे तुमच्या नकाशावर असलं पाहिजे.

पहिला भाग आधीच प्रसिद्ध झाला असेल तर

बहुतेकांची अडचण हीच असते. छापलेलं बदलता येत नाही, पण छापलेलं कुणाच्या तोंडून आलं ते बघता येतं. तटबंदी गाऊन पाडल्याचा प्रसंग पात्राच्या समजुतीनुसार सांगितला असेल, तर सिद्धांत चुकला असं दुसऱ्या भागात दाखवा. आधी पाडापाडीच्या प्रसंगाचे आकडे मांडा: किती टन, किती मीटर, किती जूल. मग ती ऊर्जा देणारा स्रोत शोधा, जो पहिल्या भागात नकळत उपस्थित होता. तटाखाली खंदक खणला होता का? रात्रभर पाऊस होता का? दारूगोळ्याचं कोठार होतं का? वाक्यावाक्यांत शोधलं की काहीतरी सापडतंच. सूर हा खटका होता, भिंत पडली ती पाण्याने भिजलेल्या पायामुळे, आणि हे ज्या विद्यार्थ्याने मोजून सिद्ध केलं त्याला गुरुकुलातून काढून टाकलं गेलं, कारण सगळी सत्ता जुन्या समजुतीवर उभी होती.

हे करताना नवा आकडा जुन्या प्रसंगांशी ताडा. यादी करा: प्रत्येक प्रसंगात सूर किती वेळ धरला, कोणत्या साधनाने, वस्तू काय होती. ज्या प्रसंगात प्रतिसाद क्षणात आला तिथे क्यू कमीच असला पाहिजे, म्हणून तिथला परिणामही लहान होता असं वाचता येतं का ते बघा. जिथे क्षणात आला आणि परिणामही प्रचंड होता, तो प्रसंग चापाच्या प्रकारात टाका. या दोन्हींत न बसणारे प्रसंग क्वचितच दोन-तीनहून जास्त उरतात. त्यांच्यासाठी स्वयंउत्तेजित कंपन आहे. वारा, वाहतं पाणी किंवा आगीचा झोत जवळपास असेल तेवढं फक्त तपासा.